सोडलेला भात

वाल अर्धेच सोलून झाले होते. मोड आलेले वाल कोमट पाण्यात टाकून जागृती ओटीवर परात घेऊन बसली होती. दाणा दोन बोटांत धरून जरासा दाबला की साल बोटांत राहायची आणि दाणा टुणकन परातीत पडायचा. हात आपले चालले होते. देवापुढे दिवा लावून झाला होता, तुळशीपुढे लावून झाला होता, दोरीवरची सुकी पातळं आत आणून झाली होती. आता हे वाल तेवढे सोलले की उद्याच्या बिरड्याची सोय झाली. भाताशिवाय बिरडं कोण खातं, असं तिच्या मनात आलं आणि आलं तसं गेलं. हल्ली तिच्या मनात काही फार वेळ थांबत नसे.

"जागे, लागली गो शिरेल!" आतून हाक आली.

जागृतीने ओले हात पदराला पुसले, परात फडक्याने झाकली आणि ती आत गेली.

आत तिची सासू सोनूबाई खाटेवर मांडी घालून बसली होती. तोंड टीव्हीकडे नव्हतं, कान टीव्हीकडे होता. काचबिंदूने त्यांचे दोन्ही डोळे नेले त्याला बरीच वर्षं झाली. उजेड आहे की अंधार आहे, एवढंच काय ते कळायचं. पण सात वाजताची मालिका त्यांनी कधी चुकवली नाही. घरात सुतक असतानाचे दिवस सोडले तर नाहीच.

मालिका तशी सगळ्या मालिकांसारखीच. उदयन मोठ्या घरचा, केतकी खाणावळवालीची मुलगी. आधी दोघांची भांडणं झाली, मग एका पावसात दोघं एका झाडाखाली अडकली, मग घरच्यांचा विरोध, मग लग्न. लग्नाच्या आठवड्यात अर्ध्या गावाच्या चुली सातच्या आधी विझल्या होत्या. पुढे उदयनची गाडी घाटातून थेट समुद्रात गेली आणि तेव्हापासून केतकी त्याची वाट बघत होती.

बोललेलं सगळं सोनूबाईंना ऐकू येई, त्याला काही अडचण नव्हती. अडचण होती ती प्रेमाची. मालिकेत भांडण बोलून होतं, कारस्थान बोलून होतं, रडणंही बोलून होतं, पण प्रेम म्हटलं की सगळी गप्प होतात आणि बासरी सुरू होते. बासरी लागली की सोनूबाई खाटेवर अस्वस्थ व्हायच्या.

"काय चाललंय?"

"बघतायत."

"कोन कोनाला?"

"एकमेकांना."

"अजून?"

"अजून."

"हसतेय का ती?"

"थोडी."

जागृतीचं सांगणं हे असं. पाटीवर लिहिलेलं वाचून दाखवावं तसं. पूर्वी हे काम हरेशचं होतं. हरेश म्हणजे सोनूबाईंचा मुलगा, जागृतीचा नवरा. बंदरातला गाळ काढायच्या बोटीवर तो कामाला होता आणि सुट्टीवर घरी आला की आईला मालिका 'दाखवायचं' काम त्याच्याकडे यायचं. जमिनीवर फतकल मारून तो जागृतीच्या परातीतले वाल सोलायला घ्यायचा आणि तोंड चालू. "आये, उदयन उठला. आये, पुढं सरकला. आता हात धरनार बघ, धरनार, धरनार... हात्तिच्या, साबनाची जाहिरात आली!" सोनूबाई हसून हसून ठसका लागेपर्यंत हसायच्या. हरेश एखादा दाणा मुद्दाम सालीतून असा उडवायचा की तो जागृतीच्या मांडीवर पडावा. ती म्हणायची, "सरळ सोला की." तो म्हणायचा, "सरळच तर सोलतोय." त्या दोघांत प्रेम म्हणावं असं काही असेल तर ते एवढंच. झाडाखाली अडकणं वगैरे काही झालं नव्हतं. पाऊस आला की दोघं आधी गवताच्या भाऱ्यांवर प्लास्टिक टाकायला धावायची.

गेल्याच्या गेल्या वर्षी, गणपती होऊन गेल्यावर, वाऱ्यापावसाच्या एका दुपारी बोटीवरून माणूस पडल्याचा निरोप आला. माणूस म्हणजे हरेश. सापडत नव्हता. सोनूबाई चाचपडत देवघराशी गेल्या, पालीच्या गणपतीच्या तसबिरीवर हात ठेवला आणि मोठ्याने म्हणाल्या, "माजा हरेश घरी येईस्तोवर भाताचा दाना तोंडात घालनार न्हाय."

नाचणी सोडली असती, गहू सोडला असता, तर कोणाला कळलंही नसतं. पण भात सोडायचा म्हणजे तांदळाची भाकरी सोडायची, घावन सोडायचं, आजारपणातली पेज सोडायची. बोर्ली पंचतनच्या या अंगाला माणूस भाताने जगतो आणि भातानेच पोसतो. पण आईचं मागणं होतं, त्यात हिशेब कुठला?

हरेश सापडला. खाडीच्या तोंडाशी, फार उशिरा. ओळख पटवायला जागृतीला जावं लागलं. चुलत दीर अंबाजी भाऊजी सोबत होते. सरकारी दवाखान्याच्या मागच्या खोलीत एका माणसाने चादर बाजूला केली आणि विचारलं, "तोच का?" जागृती म्हणाली, "हो." रेशनच्या दुकानात नाव पुकारल्यावर म्हणावं तसं ती हो म्हणाली. तो आवाज आपला होता हे तिला नंतर अंबाजी भाऊजींनी सांगितल्यावर कळलं. त्या हो नंतर तिच्या आतलं काहीतरी बसून गेलं, ते पुन्हा उठलं नाही. रडायच्या वेळी बायकांनी तिला रडवायचा पुष्कळ प्रयत्न केला. शेजारच्या आवडाबाईंनी तर दंडाला चिमटेही काढले. रडू आलं नाही.

हरेशला घरात उतरवता आलं नाही. उघडू नका, असं सोबत आलेल्यांनी सांगितलं होतं. गाडी घरासमोर जराशी थांबली आणि तशीच स्मशानात गेली. सोनूबाई दाराच्या चौकटीला धरून उभ्या होत्या. त्यांना दिसत नव्हतं आणि हात लावू दिला नाही.

त्यामुळे भात सुटला तो सुटलाच.

आवडाबाईंनी किती समजूत काढली. आवडाबाई आणि सोनूबाई एकाच वर्षी या गावात लग्न होऊन आलेल्या, त्यामुळे त्यांच्यात आड काही नव्हतं. "अगो सोनू, आला ना तो दारापर्यंत? देवानं त्याच्या परीनं आनून दिला. सुटला नवस."

"दारापर्यंत. घरी न्हाय."

"दहाव्याला कावळा कसा झडप घालून आला, तू ऐकलंस ना?"

"कावळे भुकेलेच असतात."

घरात नाचणीची भाकरी व्हायची, ती दुधात कुस्करून सोनूबाई दोन घास खायच्या. चपाती त्यांना चावत नसे. एकटीसाठी भात लावायचा म्हणून जागृतीनेही लावायचं सोडलं. तो काही नवस नव्हता. कुकरची शिट्टी झाली की वास घरभर जातो आणि खाटेवरचं माणूस तोंड भिंतीकडे करतं, हे तिला बघवेना, एवढंच.

आणि रोज सातला मालिका.

मालिकेतल्या केतकीने मंगळसूत्र काढलं नव्हतं. सासू म्हणाली काढ, दीर म्हणाला काढ, तिने काढलं नाही. "माझं मन सांगतंय, उदयन आहे," असं ती रोज कोणाला तरी सांगायची. ज्या क्षणी त्याची गाडी समुद्रात गेली त्या क्षणी तिच्या हातातला करंडा पडला होता आणि देवापुढचा दिवा फडफडला होता. विझला मात्र नव्हता. दिवा विझला नाही म्हणजे माणूस आहे, हे मालिकेतल्या भटजींनीही सांगितलं.

"खरी बायको," सोनूबाई म्हणायच्या. मग थोड्या वेळाने, कोणाला उद्देशून नाही असं, "हो म्हनायची घाई केली न्हाय तिनं."

जागृती ऐकून घ्यायची. तिला राग यायला हवा होता, तो यायचा नाही. उलट ती त्या दुपारची आठवण काढून बघायची. निरोप यायच्या आधी, ज्या वेळी हरेश बोटीवरून पडला असेल त्या वेळी, ती काय करत होती? तिने ओले बोंबील तळले होते, सासूला वाढलं होतं, स्वतः जेवली होती आणि मागच्या पडवीत आडवी झाली होती. चांगली झोप लागली होती. करंडा पडला नव्हता. दिवा फडफडला असेल तर तो बघायला ती जागी नव्हती. मालिकेत असं कोणत्याच बायकोचं होत नाही. तेव्हा आपलंच काही कमी असेल, असं तिने धरून टाकलं होतं आणि रोज देवाला दिवा लावताना ती वातीकडे जरा जास्त वेळ बघायची. वात नीट जळायची.

होळीच्या आधी सोनूबाई मोरीत पडल्या. हाड मोडलं नाही, पण उचलून खाटेवर ठेवताना जागृतीच्या लक्षात आलं की अंगात काही राहिलंच नाही. भरलेली समजून घागरीला हात घालावा आणि ती रिकामी निघावी, तसं झालं. बोर्लीच्या डॉक्टरांनी तपासलं, नाडी धरली, डोळ्यांच्या पापण्या खाली ओढून बघितल्या.

"आजी, पेज घ्या. मऊ भात घ्या. दुसरं तुम्हाला पचायचं नाही आता."

"सोडलाय," सोनूबाई म्हणाल्या.

"मग कठीण आहे," डॉक्टर जागृतीकडे बघून म्हणाले. "असंच चाललं तर पावसाळा निघायचा नाही."

परत येताना मिनिडोर रिक्षात सोनूबाई म्हणाल्या, "डाक्टर काय बारीक आवाजात बोलला?"

"भात खा म्हणाले."

"तेच मोठ्यानं पन बोलला होता."

त्या संध्याकाळी आवडाबाई येऊन खाटेजवळ बसल्या आणि त्यांनी शेवटचा उपाय काढला. "बरं, तुजा हरेश ऱ्हाऊ दे. तो उदयन आला तर खाशील का भात? तोबी समुद्रातच गेलाय. शिरेलवाले त्याला आननार. मेलेला हिरो आनल्याशिवाय त्यांना चैन पडत न्हाय. तो आला की खाशील?"

आवडाबाईंना वाटलं, हसेल. सोनूबाई हसल्या नाहीत. त्या पाय खाली सोडून बसल्या. मग जागृतीला म्हणाल्या, "माजा हात धर आनि देवाजवळ ने."

तसबिरीवर हात ठेवून त्या म्हणाल्या, "त्या पोरीचा नवरा समुद्रातून परत आला तर मी भात खाईन. समुद्रातून मानूस येतो का न्हाय, तेवढं मला बघायचं हाय."

"अगो, गंमत केली मी!" आवडाबाई ओरडल्या. पण देवाच्या अंगाला हात लागला होता. आता गंमत राहिली नव्हती.

तेव्हापासून जागृती मालिकेकडे नीट बघायला लागली. तिला उदयनशी काही घेणं नव्हतं. खाटेवरचं माणूस रोज थोडं थोडं कमी होत होतं आणि त्याचा भात उदयनपाशी अडकला होता. कुठल्या तरी स्टुडिओत बसून कोणीतरी लिहिणार होतं, तेव्हा तिची सासू जेवणार होती.

आणि आज दुपारी आवडाबाईंची नात मृणाली मोबाईल घेऊन धावत आली. ही पोरगी बोर्लीच्या कॉलेजात जायची आणि मालिकांचं पुढचं सगळं तिला आदल्या दिवशी ठाऊक असायचं.

"काकी, आज उदयन येतोय!"

जागृतीने हातातली सुपली खाली ठेवली. "खरंच?"

"येतोय, पण..." मृणालीने मोबाईल पुढे केला. "तो जुना उदयन सोडून गेला मालिका. त्याला दुसरं काम मिळालं. हा नवीन घेतलाय. अपघातात चेहरा गेला, ऑपरेशन केलं, असं दाखवणार. आज पट्टी काढणार तोंडाची."

मोबाईलवर एक गोरा, टोकदार हनुवटीचा माणूस केतकीच्या खांद्यावर हात ठेवून उभा होता. जुना उदयन सावळा होता, त्याच्या गालाला खळी पडायची.

"आवाज?" जागृतीने विचारलं.

"आवाज पण याचाच असणार ना. पण काकी, लोक दोन दिवस शिव्या देतात, मग सवय होते. माझ्या मैत्रिणींना तर हाच जास्त आवडलाय."

मागोमाग आवडाबाई आल्या. त्यांनी सगळं आधीच ठरवलं होतं. "ऐक जागृती. मी मऊ भात करते, वरून तूप सोडते, टोप घेऊनच येते सातला. तो आला की सोनू विचारील, तोच हाय का. तू सांग, तोच हाय. झालं."

"खोटं?"

"टीव्हीतलं खरं काय असतं गो? देव काय शिरेल बघत बसतो? तुज्या एका हो वर म्हातारीचा जीव ऱ्हानार असेल तर काय बिघडलं?"

जागृती म्हणाली, "बरं." तिला त्यात काही वाईट वाटलं नाही, चांगलंही वाटलं नाही. एक हो म्हणायचं होतं. हो म्हणता येतं, हे तिला माहीत होतं.

म्हणून आता सात वाजता ती खाटेच्या पायथ्याशी बसली होती. आवडाबाई दाराजवळ, मांडीशी टोप. टोपावर झाकण होतं, तरी वास यायचा तो आलाच. कोलमच्या मऊ भाताचा आणि त्यावर विरघळलेल्या तुपाचा. सोनूबाईंच्या नाकपुड्या हलल्या.

टीव्हीवर दवाखाना होता. बासरी सुरू झाली.

"काय चाललंय?"

"पट्टी काढतायत तोंडावरची."

"उदयनच्या?"

"हो."

"ती कुठं हाय?"

"समोर उभी आहे. डोळे मिटून."

"का मिटलेत?"

"घाबरली असेल."

"उघड म्हनावं," सोनूबाई खाटेवर पुढे सरकल्या. "उघडले का?"

"उघडले. बघतेय."

बासरी थांबली आणि टीव्हीतला माणूस म्हणाला, "केतकी... मी आलो."

सोनूबाई जागच्या जागी थांबल्या. कान टीव्हीकडे, एक हात अर्धा वर तसाच. त्या घरात त्या माणसाच्या पुढच्या दोन-तीन वाक्यांशिवाय काही ऐकू येत नव्हतं.

"आवाज त्याचा न्हाय," त्या म्हणाल्या.

"अगो खारं पानी गेलंय घशात!" आवडाबाई घाईने म्हणाल्या. "बदलनारच आवाज. सर्दी झाली तर तुजा बदलतो."

"तू गप ऱ्हा, आवडे. जागे, तू सांग. तुला दिसतंय. तोच हाय का?"

जागृतीने टीव्हीकडे बघितलं. टोकदार हनुवटी. कान वेगळे, मोठे. केस कापायची पद्धत तेवढी जुन्यासारखी ठेवलेली. दाराकडून आवडाबाई मान वरखाली हलवून तिला खुणावत होत्या. बोल, बोल. टोपाचं झाकणही त्यांनी अर्धं सरकवलं होतं.

हो म्हणायला काही लागत नव्हतं. पण खोटं बोलायला माणसाच्या आत थोडी धग लागते. समोरच्याने विश्वास ठेवावा अशी इच्छा लागते. ती जागृतीने आपल्यात शोधली आणि तिला ती सापडली नाही. दिसत होतं तेवढंच तिच्या तोंडातून बाहेर पडलं.

"नाही आत्या. हा दुसरा आहे."

आवडाबाईंनी कपाळावर हात मारला. "मेल्ये, काय केलंस!"

सोनूबाईंनी त्यांच्याकडे लक्ष दिलं नाही. "मग ती काय करते?"

"मिठी मारलीय त्याला."

"तिला कळत न्हाय?"

"कळत असेल. रडतेय."

"रडतेय तरी घेतला?"

"घेतला."

"सासूनं?"

"तिनेही. ओवाळतायत आता."

सोनूबाई परत मागे टेकल्या. टीव्हीत आरतीचं ताट वाजत होतं, कोणीतरी आनंदाने हुंदके देत होतं.

"बंद कर," त्या म्हणाल्या.

जागृतीला वाटलं ऐकण्यात चूक झाली. मालिका अर्ध्यात कधी बंद झाली नव्हती.

"बंद कर म्हनते ना."

तिने बंद केला. एकदम शांत झालं तशी बाहेर नारळाच्या झावळ्यांची सळसळ ऐकू यायला लागली. सोनूबाईंनी हात पुढे करून चाचपडत जागृतीचा खांदा धरला. त्या सुनेला कधी अशा धरत नसत.

"त्या दिवशी दवाखान्यात तुला असंच इचारलं असेल."

"हो."

"तू व्हय म्हनलीस."

"हो."

"कशावरून?"

दीड वर्षात हे कोणीच विचारलं नव्हतं. अंबाजी भाऊजींनी कागद पुरे केले होते, गावाने तेरावं जेवलं होतं, पण कशावरून, हे विचारायला कोणाची जीभ रेटली नव्हती. सोनूबाईंचीही नव्हती. जागृतीने सांगायला सुरुवात केली. आवाज तोच, मालिका सांगतानाचा.

"तोंड बघण्यासारखं नव्हतं, आत्या. माशांनी ठेवलं नव्हतं. हातही सुजले होते. तो माणूस म्हणाला, बाई, नीट बघा. मी पाय बघितले. डाव्या पायाचा अंगठा बघितला. नखाला मधोमध चीर होती, दोन नखं जोडल्यासारखी. एक बाजू जाड."

सोनूबाईंची बोटं तिच्या खांद्यावर घट्ट झाली. "डावा?"

"डावा."

"जाड बाजू कुठली? आतली का भायेरची?"

"बाहेरची."

आवडाबाईंनी टोपाचं झाकण हळूच परत लावलं.

"मी मसाला वाटत होते," सोनूबाई म्हणाल्या. "तो रांगायचा सोडून नुकता पळायला लागलेला. पाटा उभा करायला गेले आनि हातातून सुटला, थेट त्याच्या पायावर. नख गेलंच. नवीन आलं ते दुभंगून आलं. मी रोज हळद लावायची." मग त्यांनी विचारलं, "हात लावलास?"

"लावला."

"पायाला?"

"पायाला. डोकं टेकवलं. गार होते."

सोनूबाईंनी मान हलवली. एकदा, मग पुन्हा. "मग तोच," त्या म्हणाल्या. "तू खोटं बोलत न्हायस. आज बोलायला पायजे होतंस, आवडी भात घेऊन बसली होती. तरी न्हाय बोललीस. मग तवाबी न्हाय बोललीस."

त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. आवाज न करता, वाट मिळेल तिकडे गालांवरून उतरलं. आवडाबाईंनी डोळ्यांना पदर लावला. जागृती बघत राहिली. आता आपल्यालाही येईल असं तिला वाटलं. आलं नाही. खांद्यावरचा हात तेवढा जड आणि कोमट होता, ते तिला कळत होतं.

डोळे पुसून आवडाबाई म्हणाल्या, "सोनू, निवला गो भात. आता तरी?"

"आज न्हाय. देवाला सांगायला पायजे. दोन्ही वेळा त्याच्यावर हात ठेवलाय, तो सोडवून घेतल्याशिवाय न्हाय." मग त्यांचा आवाज जरा जुन्यासारखा झाला. "आनि तुज्या घरचा तर न्हायच. तुजा भात कायम गिचका."

"ऐक! दीड वर्षं उपाशी आनि तोंड बघा कसं चालतंय!"

"पडवीत हाय ना आमच्या शेतातला? जागे, हाय ना?"

"आहे. अंबाजी भाऊजींनी आणून टाकलाय. भरडलेला नाही."

"मग भरडून आन. पयला देवाला. मग एक पान हरेशला. मग मी बसेन." त्यांनी सुनेचा खांदा हलवला. "तूबी बसायचं. समोर."

आवडाबाई टोप उचलून, पुटपुटत, आपल्या घरी गेल्या. जागृती ओटीवर येऊन परातीशी बसली. फडकं काढलं. सोललेले वाल जरा सुकत चालले होते, त्यांवर तिने पाण्याचा हात फिरवला आणि उरलेले सोलायला घेतले. थोड्या वेळाने आतून काठी टेकत सोनूबाई आल्या, भिंतीला पाठ लावून खाली बसल्या आणि हात पुढे केला. जागृतीने मूठभर वाल त्यांच्या ओंजळीत घातले. दिसत नसलं तरी बोटांना ठाऊक होतं. दाणे परातीत पडू लागले. काही बाहेरही गेले, ते जागृतीने उचलून घेतले.

"उद्याला बिरडं होईल का?" सोनूबाईंनी विचारलं.

"होईल. दुपारपर्यंत."

"नारळ हाय?"

"आहे."

तुळशीपुढचा दिवा तेल संपत आल्याने बारीक झाला होता. जागृतीने तिकडे बघितलं आणि बघणं लगेच सोडून दिलं. वाल संपल्यावर तिने परात आत नेऊन ठेवली, सालं गुरांच्या घमेल्यात टाकली आणि पडवीतला दिवा लावला. भाताच्या पोत्यांवर टाकलेली जुनी चादर काढली. पुढचं पोतं ओढून बघितलं, ते तिला एकटीला ओढवत होतं. सुतळीची गाठ सैल झाली होती, ती तिने पुन्हा घट्ट बांधली.

सकाळच्या पहिल्या मिनिडोरने ते पोतं बोर्लीच्या गिरणीवर भरडायला न्यायचं होतं.